लग्नातलं हसू

झिनाइदा प्लातोनोव्हनाच्या हातून गेलेला एकही सिनेमा आजवर फडताळात पडला नव्हता, आणि ही गोष्ट कुणी विचारो न विचारो, ती सांगायचीच. फडताळ म्हणजे वरच्या मंडळींना न आवडलेल्या सिनेमांची कोठी. डबे एकदा तिथे गेले की दिग्दर्शकाचे केस पिकले तरी बाहेर येत नसत. ओडेसाच्या आमच्या स्टुडिओत भली भली माणसं त्या कोठीपायी दारूला लागली. झिना मात्र पहिल्या मजल्यावरच्या संकलनाच्या खोलीत ठाण मांडून बसली होती, आणि तिथून तिला हलवायची कुणाची छाती नव्हती.

महायुद्ध संपलं तेव्हा ती फिल्मचे तुकडे चिकटवायच्या कामाला लागली. हातात पांढरे सुती मोजे, समोर ॲसिटोनची बाटली. तो वास तिच्या केसांना, पावाला, अगदी नवऱ्याच्या उशीलाही लागला. नवरा त्या वासाला कंटाळून निघून गेला, असं ती सांगे. खरं तर तो एका दातांच्या डॉक्टरणीकडे राहायला गेला होता, आणि तिच्याकडे काही मोगरा दरवळत नव्हता. चिकटवता चिकटवता झिना कापायला शिकली, आणि कापायला शिकली म्हणजे सगळंच शिकली. पुढे पुढे दिग्दर्शक शूटिंगची तारीख धरायच्या आधी झिना मोकळी आहे का, ते विचारून घेऊ लागले. एकाची नायिका ऐन शेवटच्या प्रसंगात पोट वाढलेली दिसत होती, तिने ती खिडकीआड बसवली. दुसऱ्याची अख्खी लढाई कॅमेऱ्यात धूळ शिरून वाया गेली होती, ती तिने नुसत्या घोड्यांच्या टापांवर उभी केली. दिग्दर्शकाने बक्षीस घेतलं, झिनाला चॉकलेटचा डबा दिला. तो तिने शिवणखात्यात नेऊन बेर्ताबरोबर संपवला.

बेर्ता मोइसेयेव्हना ही शिवणखात्याची मुख्य. झिनाच्या मजल्याखाली तिची खोली. दोघी एकाच वर्षी कामाला लागल्या, एकाच चाळवजा अंगणात राहिल्या, एकमेकींच्या नवऱ्यांना नावं ठेवत म्हाताऱ्या झाल्या. बेर्ताची खूण म्हणजे तिचं हसू. आधी किटली उकळावी तसा आत ओढलेला बारीक सूर, मग क्षणभर काहीच नाही, आता संपलं म्हणून समोरच्याने तोंड उघडावं तर खो खो करून सगळं एकदम बाहेर. ते ऐकून गणवेशाचं माप द्यायला आलेले दाढीवाले नटसुद्धा हसायचे. बेर्ताच्या मुलाने, मारिकने, आईकडून नाक घेतलं नाही, डोळे घेतले नाहीत, हे हसू तेवढं उचललं. त्या हसण्यावरच त्याला नट म्हणून कामं मिळाली.

त्या वर्षी व्हालेरी स्तेपुरा नावाच्या तरुण दिग्दर्शकाचा पहिलाच सिनेमा होता. कलिंगडं पिकवणारं सामूहिक शेत, तिथलं एक लग्न, आणि लग्नात झालेले सगळे घोटाळे. विनोदी, गोड, कुणाला टोचणारं काही नाही. नवऱ्या मुलाचा मित्र झाला होता मारिक. तो पडद्यावर आला की सिनेमात जीव यायचा, हे व्हालेरीला कळत होतं आणि झिनाला तर पहिल्या रिळातच कळलं होतं.

आणि मारिक गेला. कायमचा, परदेशी. असं जायचं ठरवणारी मंडळी तेव्हा आमच्या शहरात पुष्कळ होती. दोन सुटकेसा, स्टेशनावर गर्दी, कुणी कुणाकडे सरळ बघायचं नाही. गेलेला माणूस परत यायचा नाही आणि राहिलेल्याला भेटायला जाऊ द्यायचे नाहीत, हे सगळ्यांना ठाऊक. बेर्ताचा नवरा अंथरुणाला खिळलेला, त्याला आगगाडीत घालणं शक्य नव्हतं. ती राहिली. मुलाला तिनेच ढकलून पाठवलं, आणि दुसऱ्या दिवशी वेळेवर मशीनवर येऊन बसली. त्या दिवसापासून शिवणखात्यातून फक्त मशीनचा आवाज यायचा.

कीव्हहून वरच्या मंडळींचा फोन आला. देश सोडून गेलेला माणूस सिनेमात दिसता कामा नये. नाव नको, चेहरा नको. वर्षअखेरच्या आत त्याच्याविना सिनेमा तयार करा, नाहीतर डबे फडताळात.

व्हालेरी झिनाच्या खोलीत आला तो चुन्यासारखा पांढरा पडलेला.

"संपलं सगळं, झिनाइदा प्लातोनोव्हना. पुन्हा शूटिंग करायला ना पैसे आहेत ना कलिंगडं. शेतात आता बर्फ आहे."

"बस आधी," झिना म्हणाली. "आणि त्या तुकड्यांवर बसू नकोस, ती तुझी नायिका आहे."

"चार मोठ्या प्रसंगांत तो आहे हो. तो काढला तर उरतं काय?"

"बदक उरतं."

"काय?"

"तुझ्या कॅमेरावाल्याला बदकांचं फार वेड दिसतंय. जेवणाच्या सुट्टीत त्याने ते अंगणातलं पांढरं बदक किती वेळा टिपलंय बघितलंस का? मारिक बोलतो तिथे समोरच्याचा चेहरा धरू. मारिक चालतो तिथे बदक चालेल. तू घरी जा, सूप पी आणि झोप काढ. तुझ्या तोंडाकडे बघून माझे हात थरथरतात."

हात काही थरथरत नव्हते. तिचे हात कशाने थरथरत नसत. तिने कामाला सुरुवात केली आणि मारिकला हळूहळू सिनेमातून उचलून टोपलीत घालू लागली. सोपं नव्हतं ते. पोराला तिने दुपट्यात पाहिलेलं. प्रत्येक तुकडा उजेडापुढे धरला की तो त्यात हसत असायचा, आणि मग कात्री. तिला राग येत होता, कुणाचा ते नीट सांगता आलं नसतं, पण राग आला की तिचं काम जास्त चोख व्हायचं.

एके दुपारी बेर्ता वर आली. हातात भाजलेल्या वांग्याच्या भरताची बरणी, वरून पाव. तिने बरणी टेबलावर ठेवली, टोपलीकडे पाहिलं आणि लगेच दुसरीकडे पाहिलं.

"मीठ कमी आहे," बेर्ता म्हणाली.

"तुझ्या भरतात जन्मात कधी मीठ पुरेसं नव्हतं. बस."

बसली नाही. "झिना, मी तुझ्याकडे आजवर काही मागितलं नाही."

"माझा हिवाळी कोट मागितलास. परत दिला नाहीस."

"तो सोडून." बेर्ताने एप्रन मुठीत धरला. "त्याचं काहीतरी राहू दे. पाठमोरा असेल तरी चालेल. हात तेवढे दिसले तरी चालेल. सिनेमा गावोगाव लागेल. मला तिकीट काढून बघता येईल. बाकी माझ्याकडे काय राहिलंय गं?"

झिनाने पावाचा तुकडा मोडला, भरतात बुडवला आणि खाल्ला. खोटं बोलायची तिला सवय नव्हती.

"चित्र नाही ठेवता येणार. पाठमोरासुद्धा नाही. तुकडा तुकडा तपासतील. त्याचा कान जरी सापडला तरी त्या पोराचा सिनेमा जाईल, आणि माझ्यासकट या मजल्यावरच्या सगळ्या बायका कामावरून जातील."

"बरं," बेर्ता म्हणाली. रडली नाही, वाद घातला नाही. बरणी परत द्यायला विसरू नकोस म्हणाली आणि जिना उतरून गेली. तिने दोन शिव्या घातल्या असत्या तर झिनाला बरं वाटलं असतं.

मग झिनाने लग्नाचं रीळ यंत्रावर चढवलं. आता, सिनेमा तयार होत असताना चित्राची पट्टी वेगळी असते आणि आवाजाची वेगळी. दोन्ही शेजारी शेजारी धावतात, आणि सगळं मंजूर झाल्यावरच एकत्र छापल्या जातात. झिनाने चित्राच्या पट्टीतून मारिक केव्हाच काढला होता. आवाजाच्या पट्टीला अजून हात लावला नव्हता. पडद्यावर बदक टेबलाखालून चाललं होतं, आणि मागून मारिक हसला. किटलीचा सूर, मग शांतता, मग खो खो.

झिनाने यंत्र थांबवलं. नाव नको, चेहरा नको, असं सांगितलं होतं. हसण्याबद्दल कुणी बोललं नव्हतं.

"बघू या," ती स्वतःशीच म्हणाली, आणि तिला एकदम पंचविशीची असल्यासारखं वाटलं. ते हसू तिने मेजवानीच्या गलबल्यात सरकवलं, ताटल्यांच्या खणखणाटाला खेटून, कानाला सुखावेल पण टोचणार नाही असं. बेर्ताला तिने एक अक्षर सांगितलं नाही. मंजुरी मिळण्याआधी आनंद वाटून टाकायची तिची पद्धत नव्हती.

राहिला कोंद्रात साव्वेलिच. सिनेमा पास करायला कीव्हहून येणारा साहेब. माणूस वाईट नव्हता, पण सिनेमा बघितला आणि एकही दोष काढला नाही, असं त्याला वर जाऊन सांगता येत नसे. मग आपण कशाला गेलो होतो, असं वरचे विचारणार. म्हणून आमच्या स्टुडिओत रीत पडली होती. साहेबासाठी एक हाड ठेवायचं. सिनेमात एक ढळढळीत चूक मुद्दाम राहू द्यायची. साहेब ती पकडतो, खूश होतो, 'हे काढा' म्हणतो. आपण कपाळावर हात मारून घ्यायचा, काढून टाकायचं, आणि बाकीचा सिनेमा सहीसलामत. झिनाने या वेळी फक्कड हाड ठेवलं. शेताचा अध्यक्ष लग्नात लांबलचक भाषण करतो, आणि त्याच्या सगळ्यात गंभीर वाक्यानंतर लगेच ते बदक चोच उघडून ओरडतं. आंधळ्यालाही दिसेल.

तपासणीच्या सकाळी झिना नेहमीसारखी शेवटच्या रांगेत विणकाम घेऊन बसली. विणकाम ही तिची सवय होती. सुया चालू असल्या की सगळं ठीक चाललंय, असं लोक समजायचे. पुढे कोंद्रात साव्वेलिच, त्याच्या शेजारी व्हालेरी. सिनेमा सुरू झाला. अध्यक्ष भाषणाला उभा राहिला, गंभीर वाक्य झालं, आणि लगेच लोकांनी टाळ्या वाजवल्या.

बदक आलंच नाही.

व्हालेरीने मान वळवून मागे पाहिलं आणि हलकेच डोळे मिचकावले. झिनाच्या सगळं लक्षात आलं. शहाण्याने सकाळी गुपचूप जाऊन बदक काढून टाकलं होतं. त्याचा पहिलाच सिनेमा, हाडाची रीत त्याला कुणी सांगितलीच नव्हती. म्हातारीच्या नजरेतून एवढी मोठी चूक सुटली, आपण ती वेळेवर सावरली, असं वाटून स्वारी फुशारली होती. झिनाने मनातल्या मनात त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. सुया थांबल्या नाहीत.

दिवे लागले. कोंद्रात साव्वेलिचने चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"छान आहे," तो म्हणाला, आणि त्याचा चेहरा उतरला. "छानच आहे." त्याने खिसे चाचपले. काहीतरी हरवलंय आणि काय ते आठवत नाही, असं त्याचं झालं होतं. "ते लग्नाचं रीळ पुन्हा लावा बरं. तिथे मला काहीतरी खटकलं."

लग्न पुन्हा सुरू झालं.   रिकाम्या हाताने आलेला साहेब आता कानाकोपरा धुंडाळणार होता. ताटल्या खणखणल्या. किटलीचा सूर आला, शांतता झाली, आणि मारिक खो खो हसला. आता व्हालेरीनेही ओळखलं. त्याची मान कॉलरात रुतली.

"थांबवा," कोंद्रात साव्वेलिच म्हणाला. "हा कोण हसतोय?"

झिनाने सुईवरचा टाका पुरा केला.

"नवऱ्या मुलाचा मामा," झिना मागून म्हणाली.

"दिसत का नाही?"

"कॅमेऱ्याच्या मागच्या टेबलावर बसलाय. लग्नात माणसं फोटोला बसल्यासारखी एका रांगेत बसत नाहीत, कोंद्रात साव्वेलिच. तुमच्या मुलीच्या लग्नात मी कुठे बसले होते?"

"दाराशी," साहेबाला आठवलं. "वारा लागतो म्हणून कुरकुरत होतात."

"दिसत होते का मी फोटोत?"

"नव्हतात." तो विचारात पडला. "ते ठीक. पण मला दुसरंच खटकतंय. हा एकटाच हसतोय."

"मग?"

"मग म्हणजे काय, झिनाइदा प्लातोनोव्हना? अख्ख्या सामूहिक शेतात एकच माणूस खूश? आणि बाकीचे काय, सुतकात आहेत? कलिंगडाचं पीक चांगलं आलंय, लग्न आहे, आणि हसतोय कोण, तर एक मामा. वर विचारतील मला." त्याच्या चेहऱ्यावर रंग परत आला, आवाज मोठा झाला. सापडलं होतं त्याला. "सगळे हसले पाहिजेत. या मामासारखेच. मोकळेपणाने, पोट धरून. याचं हसणं चांगलं आहे, मनापासूनचं आहे. तसं सगळ्यांचं करा, मग माझी सही घ्या."

झिनाने कपाळावर हात मारला. "एवढं साधं माझ्या लक्षात कसं आलं नाही?"

"होतं असं," साहेब मायेने म्हणाला. "वय होतं माणसाचं."

बाहेर आल्यावर व्हालेरीने तिचा दंड धरला.

"तो मारिक होता. तुम्ही वेड्या आहात का? ते हसू आजच्या आज काढा. कुणाचं तरी दुसऱ्याचं घाला."

"आधी माझं बदक काढल्याबद्दल तुझे कान उपटते, मग ठरवू कोण वेडं ते." तिने त्याला हाडाची रीत सांगितली. ऐकता ऐकता तो भिंतीला टेकला. "आणि हुकूम नीट ऐक. हसू बदला असं नाही म्हणाला तो. वाढवा म्हणाला. या मामासारखेच सगळे हसू देत, असं साहेबांच्या तोंडचं वाक्य आहे, हॉलभर माणसांनी ऐकलंय. मी हुकमाबाहेर कधी गेले नाही."

ध्वनिखात्यातल्या म्हाताऱ्या आर्कादीकडून तिने त्या हसण्याच्या प्रती काढून घेतल्या. कशाला हव्यात, ते त्याने विचारलं नाही. तो आमच्याच अंगणात राहायचा. एक प्रत जरा हळू चालवली, तर जाड आवाजाचा आजोबा हसला. एक जोरात चालवली, तर करवल्या फिदीफिदी हसल्या. एक होती तशी ठेवली, थोडी मागे सरकवून. झिनाने ती हसू एकापाठोपाठ एक गुंफली. मारिक सुरू करी, आजोबा त्याला साथ देई, बायका मागून येत, आणि सगळं शांत झालंसं वाटे तोच पुन्हा मारिक. साहेबाने फोनवर विचारलं, हसले का सगळे? झिना म्हणाली, सगळे. त्याने सही केली. मग तिने ते बदकही भाषणात परत नेऊन बसवलं, कारण ते तिचं होतं आणि चांगलं होतं.

सिनेमा वसंतात लागला. अंगणातली अकेशियाची झाडं फुलली होती. झिनाने बेर्ताला हाताला धरून दुपारच्या खेळाला नेलं. बेर्ता यायला तयार नव्हती. काय बघायचंय, बदक? असं म्हणाली. आली ती नव्या स्कार्फात, ओठ घट्ट मिटून. नावांची पाटी आली, तिच्यात तिच्या मुलाचं नाव नव्हतं. तिने मांडीवरची पर्स घट्ट धरली. जिथे जिथे तो असायला हवा होता तिथे तिथे तो नव्हता, आणि ते तिला प्रत्येक वेळी कळत होतं. झिनाला शेजारच्या अंधारातून तिचा श्वास ऐकू येत होता. आपण हिला उगाच आणलं की काय, असं वाटून झिनाला आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या कामाची भीती वाटली.

मग लग्न सुरू झालं. ताटल्या, वाद्यं, गलबला. किटलीचा बारीक सूर. बेर्ताची पर्स खाली पडली.

शांतता. आणि मारिक हसला. मग आजोबा हसला, मग करवल्या हसल्या, मग अख्खं गाव, नवरा, नवरी, अध्यक्ष, स्वयंपाकिणी, सगळी सगळी मारिकच्या हसण्याने हसली.

बेर्ताने झिनाचं मनगट पकडलं. बोटं बर्फासारखी गार होती.

"झिना. हे किती जण?"

"सगळे. वरून हुकूम होता."

 बेर्ताच्या घशातून बारीक सूर निघाला, आत ओढलेला. आता ही रडणार, असं समजून झिनाने रुमाल काढला. क्षणभर काहीच झालं नाही. आणि मग बेर्ता हसली, इतक्या दिवसांनी, खो खो, पडद्यावरच्या हसण्याच्या बरोबरीने, की कुठलं थिएटरातलं आणि कुठलं सिनेमातलं ते झिनाच्या तयार कानांनाही वेगळं करता येईना. पुढच्या रांगा मागे वळून बघत हसू लागल्या. रुमाल मग झिनालाच लागला. स्वतःच कापलेल्या सिनेमात ती आजवर रडली नव्हती.

पुढच्या खुर्चीवरचा टोपीवाला वळला. "काय हो मावशी, तुम्ही त्या लग्नाला होता की काय? अगदी त्यांच्यासारखंच हसता."

"आमच्या घरचंच कार्य आहे ते," बेर्ता डोळे पुसत म्हणाली. "तुम्ही बघा, बघा. माझा मुलगा आत्ता पुन्हा हसेल."